मायाकोव्स्कायाच्या छताखाली

आज मॉस्कोत मायाकोव्स्काया मेट्रो स्टेशनवर तासभर नुसती मान वर करून फिरले. मान अवघडली, पण मन भरत नव्हतं.

१९३८ साली सुरू झालेलं हे स्टेशन जमिनीखाली ३३ मीटरवर आहे. इतक्या खोलवर वरच्या मातीचा भार पेलायला तेव्हा जाडजूड भिंतीच बांधत. वास्तुविशारद अलेक्सेई दुश्किन यांनी पोलादी सांगाडा वापरला आणि सडपातळ खांबांवर कमानी उभ्या केल्या. म्हणूनच हे तळघर वाटतच नाही, प्रशस्त दिवाणखाना वाटतो. खांबांना स्टीलच्या चकचकीत पट्ट्या, खाली गुलाबी दगड. हात लावून पाहिला, गारेगार!

आणि छत! लंबगोल घुमटींत अलेक्सांद्र देइनेका यांची मोझेक चित्रं, एकूण ३४. विषय एकच, सोव्हिएत देशातला एक दिवस. विमानं, पॅराशूटवाले, सूर मारणारे खेळाडू. नीट बघायचं तर प्रत्येक घुमटीच्या बरोब्बर खाली जाऊन उभं राहावं लागतं. लांबून काही कळत नाही. काचेचे बारीक तुकडे दिव्यांत असे चमकतात की खरंच वर आकाश आहे असं वाटतं.

नोव्हेंबर १९४१ मध्ये जर्मन फौजा शहराच्या वेशीवर असताना १९१७ च्या रशियन क्रांतीच्या वर्धापनदिनाची सभा याच फलाटांवर झाली, स्टालिनचं भाषण इथेच झालं. हवाई हल्ल्यांत लोक इथेच आसऱ्याला येत. रोज कामावर जाणाऱ्या साध्या माणसांसाठी कुणी इतकं देखणं बांधावं, याचं मला फार अप्रूप वाटतं. मॉस्कोला आलात तर घाईत उतरून निघून जाऊ नका, दोन-चार गाड्या खुशाल सोडा.