आरोग्याचा रकाना : हम्पता पासचा माझा अनुभव

मार्च महिन्यातल्या एका रविवारी मी हिमाचल प्रदेशातल्या हम्पता पास या खिंडीच्या ट्रेकचा अर्ज भरायला बसले. नाव, वय (49), रक्तगट, तातडीच्या प्रसंगी कोणाला कळवायचे, ही सगळी माहिती भराभर लिहून झाली आणि ‘कोणत्या औषधाची ॲलर्जी आहे का?’ या रकान्यापाशी हात थांबला. लहानपणी सल्फाच्या (जंतुसंसर्गावरच्या औषधांचा एक गट) गोळीने माझ्या अंगभर पुरळ उठले होते, असे आई नेहमी सांगत असे. चाळीस वर्षांपूर्वीच्या त्या गोष्टीचा डोंगर चढण्याशी काय संबंध, असे वाटून मी ‘नाही’ लिहिले. शेजारी बसलेले यजमान म्हणाले, “तुझ्या आई सांगायच्या ते लिही की, विचारलंय तर.” मी ‘नाही’ खोडून ‘सल्फा’ लिहिले.

हिमालयात जाऊ इच्छिणाऱ्या माझ्यासारख्या अनेकांना त्या एका शब्दाचे महत्त्व ठाऊक नसते, म्हणून ते आधी सांगते. विरळ हवेचा त्रास होऊ नये म्हणून ॲसिटाझोलामाइड नावाची गोळी घेतली जाते; ‘डायमॉक्स’ या नावाने ती ट्रेकर मंडळींत सर्वांना माहीत असते आणि ‘एक घेऊन टाक’ इतक्या सहजपणे ती एकमेकांना दिलीही जाते. ही गोळी सल्फा गटाशी नाते सांगणारी आहे. वैद्यकीय प्रमाणपत्रासाठी मी आमच्या डॉक्टरांकडे गेले, तेव्हा त्यांनी तो अर्ज शांतपणे वाचला, जुने पुरळ कसे होते, श्वास लागला होता का, असे बरेच प्रश्न विचारले आणि माझ्या बाबतीत ही गोळी टाळायची असे ठरवून तसे प्रमाणपत्रावर लिहूनही दिले. आता माझ्याकडे उपाय एकच उरला होता, तो म्हणजे शरीराला उंचीची सवय होऊ देण्यासाठी पुरेसा वेळ देणे.

वेळ द्यायचा म्हणजे नेमके काय, हे मला तोवर कळलेले नव्हते. मी साताऱ्याची. गेली बारा वर्षे आठवड्यातून चार दिवस पहाटे अजिंक्यतारा चढते, कळसूबाई तीनदा झाली आहे, आणि सह्याद्रीत चालताना मागे राहिल्याचे मला आठवत नाही. ट्रेक नेणाऱ्या संस्थेची अट पाच किलोमीटर पस्तीस मिनिटांत धावून दाखवण्याची होती. यवतेश्वरच्या घाटात तीन महिने सराव करून मी ती पूर्ण केली आणि आपली तयारी झाली असे समजले. दमसास वाढवण्यासाठी हा सराव आवश्यकच आहे, परंतु त्याने उंचीचा प्रश्न सुटत नाही. उंचावरही हवेत ऑक्सिजनचे प्रमाण तेच सुमारे 21 टक्के असते. कमी होतो तो हवेचा दाब, आणि 4,200 मीटरच्या आसपास तो समुद्रसपाटीच्या साधारण साठ टक्क्यांवर येतो. प्रत्येक श्वासागणिक रक्तात कमी ऑक्सिजन जातो आणि धावपटू असो वा नसो, प्रत्येकाच्या शरीराला त्याच्याशी जुळवून घ्यायला काही दिवस लागतात. महाराष्ट्रातले सर्वोच्च शिखर असलेली कळसूबाई 1,646 मीटर आहे, आणि मनाली, जिथून आमचा ट्रेक सुरू व्हायचा होता, ती सुमारे 2,050 मीटरवर. म्हणजे मनालीतल्या हॉटेलात ज्या पलंगावर मी पहिल्या रात्री झोपले, तो पलंगच कळसूबाईच्या माथ्यापेक्षा चारशे मीटर उंचावर होता. हे गणित मी घरी करायला हवे होते; ते सुचले मनालीत. डॉक्टरांच्या सांगण्यावरून मी दोन दिवस आधी पोहोचले होते, एवढे मात्र बरे झाले.

आणखी एक काम बहुतेक जण शेवटच्या आठवड्यावर ढकलतात, ते म्हणजे विमा. अनेक प्रवास विम्यांत ठरावीक उंचीच्या वरचे ट्रेकिंग वगळलेले असते, त्यामुळे पॉलिसीतील बारीक अक्षरांतला मजकूर स्वतः वाचून, उंचीची मर्यादा पाहून मगच ती घ्यावी. माझी पहिली पॉलिसी याच कारणाने निरुपयोगी ठरली आणि मला दुसरी घ्यावी लागली.

मनालीत सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात आमची तुकडी जमली. आम्ही सोळा जण होतो. प्रत्येकाला एक आरोग्यपत्रिका देण्यात आली; जाड पिवळा कागद, त्यावर पाच दिवसांचे रकाने आणि प्रत्येक दिवशी सकाळ-संध्याकाळ नाडी, रक्तातला ऑक्सिजन (टक्क्यांत), डोकेदुखी, मळमळ, झोप यांची नोंद. माझा रक्तदाब पहिल्यांदा 154/94 भरला. संस्थेची मर्यादा 140/90 होती. अर्धा तास शांत बसवून, पाणी देऊन पुन्हा मोजल्यावर तो 136/86 झाला, तरी तो अर्धा तास मला फार जड गेला. आमचे ट्रेक लीडर तिशीचे होते, मूळचे उत्तराखंडचे. उत्तरकाशीच्या नेहरू गिर्यारोहण संस्थेत त्यांनी मूलभूत आणि प्रगत असे दोन्ही अभ्यासक्रम पूर्ण केलेले होते. माझ्या प्रमाणपत्रावरची सल्फाची ओळ त्यांनी पत्रिकेच्या वरच्या कोपऱ्यात लाल शाईने उतरवून घेतली आणि म्हणाले, “दीदी, आपको दवाई नहीं दे सकते, तो आपको सच बोलना पड़ेगा.”

पहिला दिवस सोपा होता. मनालीहून प्रीणीमार्गे गाडी वळणावळणांनी जोब्रापर्यंत चढते आणि तिथून देवदार, मेपल आणि भूर्जवृक्षांतून ओढ्याच्या काठाने जेमतेम दोन-अडीच तास चालून चिक्काचा तळ लागतो. तो सुमारे 3,100 मीटरवर आहे. संध्याकाळी माझा ऑक्सिजन 91 होता, जेवण व्यवस्थित गेले आणि झोपही लागली.

दुसऱ्या दिवशी माझी सह्याद्रीतली सवय आडवी आली. वाट रुंद, चढ मध्यम, दोन्ही बाजूंना कडे आणि त्यांवरून कोसळणारे पाण्याचे पांढरे पट्टे, मध्येच गद्दी मेंढपाळांचे कळप. असे सगळे असताना मी रमतगमत चालण्याऐवजी माझ्या नेहमीच्या वेगाने निघाले आणि पुढच्या गटात जाऊन बसले. आमचे स्थानिक वाटाडे साठीच्या जवळचे होते. सगळे त्यांना चाचाजी म्हणत. त्यांनी दोनदा हात करून मला थांबवले. मी थांबत होते आणि पुन्हा पुढे जात होते. दुपारी बालू का घेरा येथे पोहोचलो. नदीने आणून टाकलेल्या वाळूचे विस्तीर्ण मैदान, तीन बाजूंनी डोंगर, आणि समोर दुसऱ्या दिवशी चढायची खिंडीकडची वाट. उंची 3,600 मीटरच्या वर. एका दिवसात झोपण्याची उंची पाचशे मीटरहून अधिक वाढवू नये, असे 3,000 मीटरच्या वरच्या प्रवासासाठी सांगितले जाते. आम्ही त्या मर्यादेच्या काठावर होतो आणि मी तर दमही न घेता आले होते.

चार वाजता डोके दुखू लागले. कपाळापासून मागे मानेपर्यंत एक पट्टा आवळल्यासारखे वाटत होते. जेवणाच्या तंबूत गरम सूप आले, त्याचा वास नकोसा झाला. सायंकाळच्या तपासणीत लीडरांनी विचारले तेव्हा मी “ठीक आहे” असे उत्तर दिले. का दिले, याचा मी नंतर पुष्कळ विचार केला आहे. सहा महिन्यांची तयारी, घरच्यांनी केलेली सोय, शाळेतून मिळवलेली रजा, हे सारे त्या क्षणी डोळ्यांपुढे होते, आणि ‘दुखते’ म्हटले की खाली पाठवतील, एवढीच भीती मनात होती. ऑक्सिजन 84 भरला. “हात थंड आहेत,” असे मी म्हणाले. ते खरेही होते. बोटे गार असली की ऑक्सिजन मोजायचे, बोटाला लावायचे यंत्र कमी आकडा दाखवते. लीडरांनी माझे दोन्ही तळवे चहाच्या गरम पेल्याभोवती पाच मिनिटे ठेवायला लावले आणि पुन्हा मोजले. 85. त्यांनी काही न बोलता तो आकडा पत्रिकेवर लिहिला.

रात्री अकराच्या सुमारास मळमळ वाढली. माझ्या तंबूत नाशिकची एक पंचविशीतली मुलगी होती. मी तिसऱ्यांदा उठून बसले, तेव्हा तिने हेडटॉर्च लावला आणि म्हणाली, “काकू, तुम्ही सांगा, नाही तर मी जाऊन सांगते.” तिने तसे म्हटले याबद्दल मी तिची आजही ऋणी आहे. मी स्वतः उठून लीडरांच्या तंबूकडे गेले आणि चार वाजल्यापासूनचे सगळे सांगितले.

ते रागावले नाहीत. त्यांनी वाळूत काठीने एक सरळ रेघ ओढली आणि एका पावलाची टाच दुसऱ्याच्या अंगठ्याला टेकवत त्या रेघेवरून चालायला सांगितले. उंचीमुळे मेंदूला सूज येऊ लागली असेल तर माणसाचा तोल जातो. त्याची ही साधी, पण महत्त्वाची परीक्षा आहे. टॉर्चच्या प्रकाशात माझ्या बुटांखाली ती रेघ दर पावलाला थोडी पुसली जात होती आणि मी तिच्यावरून नजर न हलवता चालत होते. तोल गेला नाही. मग छातीला स्टेथोस्कोप लावून त्यांनी फुप्फुसांत घरघर आहे का ते पाहिले, पॅरासिटामॉल दिली, गरम पाण्यात क्षार घालून थोडे थोडे प्यायला दिले आणि पाठीला सॅक देऊन अर्धवट बसवून ठेवले. पहाटे चारला पुन्हा तपासणार, त्रास तेवढाच किंवा अधिक असेल तर खिंड विसरायची आणि चिक्काकडे उतरायचे, असे त्यांनी स्पष्ट सांगितले. उंचीच्या त्रासावर खात्रीचा उपाय खाली उतरणे हाच आहे आणि त्रास असताना आणखी वर चढणे जिवावर बेतू शकते, हे मी आधी वाचलेले होते. ते माझ्याबद्दल आहे असे त्या रात्री प्रथम वाटले.

त्याच रात्री आमच्यातल्या आणखी एकाची तब्येत बिघडली. पुण्याचे तिशीतले गृहस्थ, अर्धमॅरेथॉन धावणारे, आम्हा सर्वांत तंदुरुस्त. रात्रभराचा बसप्रवास करून ते निघण्याच्या दिवशीच मनालीत उतरले होते आणि आठवडाभर त्यांना खोकला होता; अर्जात त्यांनी तो लिहिलेला नव्हता. त्यांना उलट्या सुरू झाल्या, ऑक्सिजन 76 पर्यंत आला. त्यांना सिलिंडरचा ऑक्सिजन लावून ठेवला आणि फटफटताच एक गाईड आणि एक खेचर सोबत देऊन जोब्राकडे उतरवले. जाताना ते कोणाशी बोलले नाहीत. मी त्यांच्या जागी असते तर मलाही बोलवले नसते.

चार वाजता माझा आकडा 88 होता, डोके दुखायचे थांबले होते आणि मी वाटीभर दलिया खाल्ला. लीडरांनी परवानगी दिली, पण तीन अटींवर. सॅक खेचरावर द्यायची, चाचाजींच्या बरोबर मागे चालायचे, आणि दर तासाला विचारण्याची वाट न पाहता स्वतःहून तब्येत सांगायची.

खिंडीचा तो दिवस नऊ तासांचा होता. चाचाजी ज्या गतीने चालतात त्या गतीने मी जन्मात कधी चढले नव्हते. एक पाऊल, पूर्ण श्वास, मग दुसरे पाऊल. त्यांच्या रबरी बुटांच्या टाचा एवढेच माझ्यासमोर दृश्य होते. शेवटच्या दगडगोट्यांच्या चढावर मागचे तरुण थांबून धापा टाकत होते आणि आम्ही दोघे न थांबता, न बोलता सरकत होतो. दर तासाला मी “चाचाजी, डोके ठीक, पोट ठीक” असे सांगत होते आणि ते मान हलवत होते. एकदा, तिसऱ्या तासाला, कपाळात किंचित कळ आली. मी तेही सांगितले. आम्ही दहा मिनिटे बसलो, पाणी प्यायलो आणि कळ गेली.

सुमारे 4,270 मीटरवरच्या हम्पता पासवर उभे राहिले की ज्या बाजूने आलो ती कुल्लूची बाजू हिरवी आणि ढगांनी भरलेली दिसते, आणि पुढची लाहौलची बाजू तपकिरी, उघडी, झाडाचा मागमूस नसलेली. पावसाचे ढग पीर पंजाल रांगेने अलीकडेच अडवून धरलेले असतात. दोन वेगळे प्रदेश एका पावलाच्या अंतरावर पाहताना मला रडू आले, आणि ते मी लपवले नाही. डावा हात पुढे करून चाचाजींनी लांबचे इंद्रासन शिखर दाखवले.

पलीकडचा उतार अधिक तीव्र होता आणि सिया गोरू येथे तंबूत शिरेपर्यंत गुडघे थरथरत होते. सायंकाळी 86, डोकेदुखी नाही. सकाळी तिथला बर्फगार प्रवाह सगळ्यांनी हातांची साखळी करून ओलांडला आणि दुपारपर्यंत छत्रूला उतरलो. चंद्रतालला गाडीने जाऊन आलो. सरोवर अपूर्व आहेच, पण तिथे तुकडीतले दोघे उंचीने पुन्हा अस्वस्थ झाले आणि आम्ही फार वेळ थांबलो नाही. परतताना अटल बोगद्यातून मनालीत आलो.

पुण्याचे ते गृहस्थ हॉटेलच्या अंगणात आमची वाट पाहत होते. जोब्राला पोहोचेपर्यंतच त्यांना बरे वाटू लागले होते. त्यांनी खिंडीबद्दल सविस्तर विचारले, सगळ्यांचे फोटो पाहिले आणि पुढच्या वर्षी दोन दिवस आधी येणार असल्याचे सांगितले.

साताऱ्याला आल्यावर मी ती पिवळी आरोग्यपत्रिका डॉक्टरांकडे नेली. दुसऱ्या दिवसाच्या संध्याकाळच्या रकान्यात लीडरांनी माझे “ठीक” लिहिलेले होते, आणि रात्री ते एका रेघेने खोडून त्याखाली ‘4 वाजल्यापासून डोकेदुखी, मळमळ’ अशी नोंद केली होती. डॉक्टरांनी सगळे आकडे वाचले, पत्रिकेची झेरॉक्स काढायला सांगितली आणि ती माझ्या फायलीत सल्फाच्या नोंदीच्या मागे लावली.