जॅमच्या वड्या, भट्टीच्या आचेवर

रात्री दहा वाजून वीस मिनिटांनी वीज गेली, तेव्हा तिसरा ट्रे ओव्हनमध्ये जाऊन बारा मिनिटं झाली होती. ओव्हनचा लाल दिवा विझला, पण टायमर आपला टिकटिकत राहिला. तो चावीचा असतो, त्याला विजेशी देणंघेणं नाही. अठरा मिनिटांनी त्या काळोखात त्याने 'टिंग' केलं, तेव्हा मला हसावं की रडावं ते कळेना.

दुसऱ्या दिवशी सकाळी अकराला साठ डबे द्यायचे होते. बारसं होतं, आणि ऑर्डर बाळाच्या आत्याने दिली होती. प्रत्येक डब्यात दोन, म्हणजे १२० क्रम्बल बार. हे नाव काही आमच्या घरात रुजलं नाही. आईने पहिल्यांदा खाल्ले तेव्हा म्हणाली, "खाली नानकटाई, मध्ये जॅम, वर पुन्हा नानकटाईचा चुरा. जॅमच्या वड्या म्हण की सरळ!" तेव्हापासून वड्याच. एका ट्रेमध्ये चोवीस होतात, म्हणजे पाच ट्रे. माझ्या ओटीजीत, म्हणजे त्या विजेच्या छोट्या ओव्हनमध्ये, एका वेळी एकच ट्रे मावतो. हिशेब नीट होता: संध्याकाळी सुरुवात, मध्यरात्रीपर्यंत पाचही बाहेर, रात्रभर गार, सकाळी कापाकापी. असल्या हिशेबांचं पुढे काय होतं ते सगळ्यांना माहीत आहे.

जॅम आदल्या दिवशी करून ठेवला होता. फेब्रुवारी संपत आला की महाबळेश्वरची बारकी, वेडीवाकडी स्ट्रॉबेरी पुण्यात स्वस्त मिळते. खाताना कुणी तिच्याकडे बघत नाही, पण जॅमला तीच बरी. अडीच किलो फळ, दीड किलो साखर, पाच लिंबं आणि एक किसलेलं हिरवं सफरचंद. स्ट्रॉबेरीत जॅम घट्ट करणारं पेक्टिन कमी, म्हणून सफरचंदाची मदत घ्यायची. आता एक गोष्ट, जी शिकायला मला तीन पातेली वाया घालवावी लागली. जॅम १०५ अंशांना जमतो असं सगळीकडे लिहिलेलं असतं. ते समुद्रसपाटीचं गणित. पुणं साधारण ५६० मीटर उंचीवर आहे, इथे पाणीच ९८ अंशांच्या आसपास उकळतं. इथे १०५ ची वाट बघत बसलात तर जॅम नाही, चिक्की मिळते. मी १०३ ला गॅस बंद करते. महाबळेश्वरला हाच जॅम १०० च्या आसपासच उतरवावा लागेल. तरी शेवटचा शब्द फ्रीजमधल्या बशीचा: थेंब टाकायचा, बोटाने ढकलायचा, वर सुरकुती पडली की झालं.

पिठाचं तर काही नवीन नाहीच. एका ट्रेला पावणेचारशे ग्रॅम मैदा, शंभर ग्रॅम ओट्स, पावणेदोनशे ग्रॅम साखर, चिमूटभर मीठ आणि पाव किलो गार लोणी. लोणी पिठाला चोळायचं ते शंकरपाळ्यांना मोहन चोळतो तसंच, फक्त ते वितळू द्यायचं नाही. मूठ आवळली की मुटका वळला पाहिजे आणि बोटाने टोचला की फुटला पाहिजे. निम्म्याहून जास्त पीठ तळाला दाबून पंधरा मिनिटं नुसतंच भाजायचं, मग जॅम, मग उरलेल्या पिठाचे मुटके फोडून वर पसरायचे आणि आणखी अर्धा तास. जॅम कडेपासून बोटभर आत ठेवायचा, नाहीतर तो पत्र्याला टेकून करपतो आणि मग ट्रे घासण्यातच दिवस जातो.

तर, वीज. खाली जाऊन आलेला नवरा म्हणाला, "ट्रान्सफॉर्मर गेलाय. सकाळशिवाय काही खरं नाही." ओटीजीचा पत्रा पातळ, दार न उघडताही तो वीस मिनिटांत कोमट झाला. मोबाइलच्या उजेडात ट्रे बाहेर काढला. वरचं लोणी वितळून खाली उतरलं होतं, पीठ मात्र कच्चंच. ओल्या रेतीवर कुणीतरी लाल शाई सांडावी तसं ते दिसत होतं. बोट लावलं तर तुपकट आणि गिळगिळीत. दोन ट्रे पक्के, एक असा आणि दोन अजून व्हायचेच होते.

इन्व्हर्टरवर पंखे चालतात, दोन हजार वॅटचा ओव्हन नाही. कढईत मीठ घालून नानकटाई भाजतात तसं करावं, तर नऊ बाय तेराचा ट्रे मावेल अशी कढई आचाऱ्याकडेच असते. जिच्या घरी वीज होती त्या मैत्रिणीचा ओव्हन इतका छोटा, की माझा ट्रे दारातच अडकला असता. आत्याबाईंना फोन करून नाही म्हणावं, असं एकदा मनात आलं. मग वाटलं, रात्री अकराला ती तरी कुठून काय आणणार?

साडेअकराला अंधारात बसल्या बसल्या आठवला तो डबा. मी सहावी-सातवीत असताना दिवाळीच्या आधी आई नानकटाईचं पीठ मळून स्टीलच्या डब्यात भरायची आणि आम्ही ते बेकरीत भाजून आणायला जायचो. बेकरीवाले पत्र्याचे ट्रे द्यायचे, बायका तिथेच बाकावर बसून गोळे वळायच्या, वर वेलदोड्याचा दाणा टोचायच्या आणि ट्रेला आपल्या नंबराची चिठ्ठी लावायच्या. भाजणावळ किलोवर. ती बेकरी अजून आहे. तिचा पाव आमच्या घरी येतो. आणि पाव पहाटे भाजतात.

पहाटे चारला दोघं स्कूटरवरून निघालो. तळ दाबलेले दोन ट्रे एकावर एक ठेवून पायाशी, चुऱ्याचा डबा आणि जॅमचा डबा पिशवीत, आणि तो तिसरा अर्धवट ट्रे माझ्या मांडीवर. त्याला का घेतलं माहीत नाही, पण घरी एकटा सोडवेना.

बेकरीचं पुढचं शटर बंद होतं. मागच्या बोळात उजेड आणि धूर. आत भट्टीवाले चाचा बनियनवर उभे होते, सत्तरीचे तरी असतील. मी धडाधड सगळं सांगून टाकलं: बारसं, वीज, साठ डबे. त्यांनी ते ऐकलं की नाही देव जाणे. पुढे होऊन त्यांनी चुऱ्याचा डबा उघडला, एक मूठ घेतली, आवळली, अंगठ्याने फोडली.

"ये तो नानकटाईच है," ते म्हणाले. "बनाके तोड दी, बस."

मी भट्टीच्या तोंडाशी माझा ओव्हन-थर्मामीटर धरला. २५० च्या पुढे जाऊन काटा अडकला. मला १८० हवे होते. चाचांनी थर्मामीटरकडे नुसतं पाहिलं, मग मैद्याची चिमूट भट्टीच्या फरशीवर भिरकावली. ती बघता बघता काळी झाली. "अभी पाव का टाइम है. पाव, फिर बटर, फिर तुम्हारा."

त्या भट्टीचं शास्त्र मला त्या तासाभरात समजलं. रात्रभर लाकडं जाळून आतल्या विटा तापवायच्या, मग निखारे बाजूला ओढून ओल्या गोणपाटाने फरशी पुसून घ्यायची. त्यानंतर आच वाढवायची नाही, ती फक्त उतरत जाते, आणि तिच्या उतरण्याप्रमाणे जिन्नस आत जातात. सर्वांत कडक आचेला पाव, मग खारी-बटर, मग नानकटाई, आणि अगदी शेवटी उरल्या ऊबेवर टोस्ट सुकतात. आम्ही घरी बटण फिरवून तापमान लावतो. इथे त्या तापमानाची वेळ यावी लागते.

सव्वापाचला त्यांनी पुन्हा चिमूट टाकली. या वेळी ती हळूहळू बदामी होत गेली, आणि चाचा ओठ हलवत काहीतरी मोजत होते. थर्मामीटर १९५ म्हणाला. त्यांनी माझ्या ट्रेमधून वर आलेला बटरपेपर कात्रीने कापून टाकला ("जलेगा"), ट्रेच्या खाली पावाचा एक रिकामा ट्रे पालथा घातला, कारण भट्टीची खरी आच फरशीतून येते, आणि लांब दांड्याच्या लाकडी फावड्यावरून दोन्ही तळ आत सरकवले. बारा मिनिटांत ते बाहेर आले. मी पावाच्या टेबलावर, आजूबाजूला लादीपावांचा डोंगर, उलथन्याने जॅम पसरला आणि वर चुरा टाकला. पोरं काम सोडून बघत होती. पुन्हा आत. माझ्या घरच्या हिशेबाने तीस मिनिटं. चाचा पंचविसाव्या मिनिटाला उठले. मी म्हटलं, "अजून पाच मिनिटं." ते म्हणाले, "बास आ गयी ना."

खरंच आली होती. लोणी भाजल्याचा तो वास माझ्या ओव्हनमधून मला कधी इतका स्पष्ट आलेला नाही.

तिसऱ्या ट्रेचं काय करायचं, विचारलं. त्यांनी त्यात बोट खुपसलं, चाखलं. "दो बार मत पकाओ, पत्थर होगा. तोडके टोस्ट के साथ सुखा दो." आणि मग, न विचारता: "जाम ज्यादा है. हाथ को लगता है. नानकटाई एक हाथ से खाने की चीज है." मला राग आला, खोटं कशाला सांगू. त्या जॅमवर माझा जीव होता. पैसे विचारले तर दोन ट्रेचे शंभर रुपये म्हणाले. मी दोनशे काढले, त्यांनी शंभर परत केले.

घरी सव्वासहा. आता चार ट्रे होते, आणि हवे होते पाच. चोवीस चोक शहाण्णव. रात्रीचे दोन्ही ट्रे सुदैवाने अजून कापलेले नव्हते. पट्टी घेऊन बसले: एका बाजूने पाच, दुसऱ्या बाजूने सहा, तीस वड्या. तीस चोक एकशे वीस. प्रत्येक वडी पाव हिश्शाच्या जरा आत लहान होणार. सात वाजता आत्याबाईंना फोन केला, जे झालं ते सांगितलं, आणि पैसेही त्या प्रमाणात कमी लावते म्हणाले. त्या क्षणभर गप्प. मग म्हणाल्या, "अगं, मला वाटलं तू नाही म्हणायला फोन केलास."

भट्टीचे ट्रे गार करणं ही वेगळीच कसरत. गरम क्रम्बल कापला की जॅम ओघळतो आणि वडीचा शिरा होतो. फ्रीज बंद. गॅलरीतल्या शहाबादी फरशीवर मोठी परात, त्यात माठातलं पाणी, त्यात ट्रे. पाणी कोमट झालं की बदलायचं. नवरा पाणी बदलत होता, मी डबे जुळवत होते. साडेनऊला सुरी लावली. दर कापाला गरम पाण्यात बुडवून, पुसून. शेवटची पंधरा-वीस कापं तर मी श्वास रोखूनच घेतली. चार तुटल्या. त्या भरून काढायला काही नव्हतं, म्हणून दोन डब्यांत त्या तुटक्या चारांपैकी दोन-दोनांची पुडी अशी सोय केली आणि ते दोन डबे घरच्यांना द्या म्हणून वर चिठ्ठी लावली. दहा पन्नासला डबे गेले. अकरा वाजून दहा मिनिटांनी वीज आली आणि रिकामा ओव्हन आपणहून गरम होऊ लागला. टायमर 'स्टे ऑन'वर कुणी फिरवून ठेवला होता, मीच असणार.

संध्याकाळी आत्याबाईंचा निरोप आला. बाळाचं नाव, फोटो, आणि खाली: काही डब्यांतल्या वड्यांना वेगळाच खरपूस वास होता, पुढच्या वेळी सगळ्या तशाच दे. मी अजून उत्तर दिलेलं नाही. काय लिहू?

चार दिवसांनी चाचांना डबा द्यायला गेले. जॅम कमी केला होता, बोटाला न लागेल इतका. तेव्हा तिसऱ्या ट्रेचे सुकवलेले तुकडे त्यांनी मला कागदाच्या पिशवीतून परत दिले, अर्धे पोरांनी संपवले होते. मुंबईत उच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये बेकऱ्यांना लाकूड-कोळसा सोडायला सांगितलं, तेव्हापासून त्यांच्या मालकाच्याही डोक्यात तेच घोळतंय म्हणे. धूर वाईटच, त्यात वाद नाही. चाचा तर रोज तोच गिळतात.

त्यांनी वडी एका हाताने खाल्ली, हात पाहिला, मान डोलावली.

"नया ओव्हन आनेवाला है," ते म्हणाले. "बिजलीवाला. तुम्हारे जैसा."

"लाइट गेली तर?" मी विचारलं.

"तो तुम्हारे घर आयेंगे," म्हणाले, आणि टोस्टचा ट्रे ओढायला आत गेले.