उलटा का करायचा?

"आत्या, भागताना दुसरा अपूर्णांक उलटा का करायचा?" भाचीनं विचारलं. वहीतली सगळी उत्तरं बरोबर होती. "शाळेत सांगितलंय, करायचा म्हणजे करायचा."

सांगलीत हळदीला काय तोटा! म्हटलं, ६ किलो हळद, पाऊण किलोची एक पिशवी, तर पिशव्या किती? म्हणजे ६ ÷ ३/४. आधी एका किलोचं बघ. एक पिशवी भरली, पाव किलो उरली, म्हणजे पिशवीचा तिसरा हिस्सा. एकूण ४/३ पिशव्या. ३/४ चा गुणाकार व्यस्त, म्हणजे उलटा केलेला अपूर्णांक, तो हाच. मग ६ किलोच्या ६ × ४/३, आठ पिशव्या.

"म्हणजे उलटा केलेला आकडा म्हणजे एका किलोतल्या पिशव्या?"

हो गं, अगदी तेच!

नियम पाठ केला की पूर्ण मार्क मिळतात, म्हणून 'का' मागेच राहतो. फार वाईट वाटलं. तुम्हाला शाळेत हे कुणी समजावलं होतं?