किल्लारी बघूनसुद्धा?

विचारणारे बदलतात, प्रश्न तोच. लग्नाच्या पंगतीत, एसटीच्या रांगेत. परवा दवाखान्यात नंबर लावून बसलो होतो तर शेजारच्यानं ओळख काढून तिथेही विचारलं. "सर, तुम्ही भूकंपानंतरची किल्लारी डोळ्यांनी बघितलीय. तरी अणुभट्टीचा कचरा जमिनीत पुरला तर लाखभर वर्षं काही होत नाही, असं कसं म्हणता?"

मी असं म्हणालोच नव्हतो. सहा-सात वर्षांपूर्वी तालुक्याच्या व्याख्यानमालेत फिनलंडमधल्या ओन्कालोबद्दल, म्हणजे अणुभट्टीचा कचरा खोल पुरायच्या जागेबद्दल, तासभर बोललो. शेवटी म्हणालो, "खोल पुरणं हा त्यातल्या त्यात बरा मार्ग आहे." यातलं 'त्यातल्या त्यात' मंडपाबाहेर पोचलंच नाही. तेव्हापासून मी 'पुरा म्हणणारे सर'. एका जुन्या विद्यार्थ्यानं व्हॉट्सॲपवर लिहिलं, सरांना पैसे कोण देतं ते बघा. मला फक्त पेन्शन मिळते बाबा, तीही रखडत.

तर तुम्हीही तेच विचारलंत म्हणून एकदा सगळं लिहून ठेवतो.

आधी पंगतीतलं उत्तर. भूकंपात माणूस मरतो तो घर अंगावर येऊन. जमिनीच्या पोटात तेवढं हलत नाही. १९७६ साली चीनमध्ये तंगशानला भूकंप झाला, वर दोन लाख चाळीस हजारांवर माणसं गेली. त्या वेळी कोळशाच्या खाणींत हजारो कामगार होते, त्यातले बहुतेक सगळे जिवंत वर आले. ओन्कालोचे बोगदे सुमारे ४३० मीटर खाली, १९० कोटी वर्षं जुन्या खडकात आहेत. वापरलेलं इंधन ओतीव लोखंडात, त्यावर जवळपास ५ सेंटीमीटर जाडीचं तांब्याचं भांडं, भोवती बेंटोनाइट नावाची फुगणारी माती. भांडं ठेवायच्या ज्या भोकातून मोठी भेग जाते ते वापरायचंच नाही, आणि बारीकसारीक भेग ५ सेंटीमीटर सरकली तरी भांडं फुटता कामा नये, असा हिशेब.

हे सांगताना माझा आवाज चढतो, असं आमच्या घरातून कळवण्यात आलंय.

चढतो, कारण मला माहीत असतं की समोरच्याला तंगशानशी काही देणंघेणं नाही. त्याला विचारायचं असतं ते वेगळंच. ते आता सांगतो. व्याख्यानात सांगितलं नव्हतं.

१९९२ च्या दिवाळीच्या सुट्टीत मी मावशीकडे गेलो होतो. किल्लारीपासून चार कोसांवरचं गाव, नाव लिहीत नाही. एम.एस्सी. होऊन दोन वर्षं झालेली, एका कॉलेजात शिकवायला लागलेलो. त्याच महिन्यात धक्के बसत होते. निम्मं गाव खळ्यावर, कडब्याच्या आडोशाला झोपत होतं. मावशीनंही बाज खळ्यावर टाकलेली. म्हणाली, "भुईतून आवाज येलालाय रं. तोफ उडल्यावानी. आधी आवाज, मग भांडी वाजत्यात."

मी हसलो. खोटं कशाला बोलू, मला बरं वाटलं होतं. घरात पहिल्यांदाच माझ्या विषयातलं कुणी काहीतरी विचारत होतं. मी ओसरीच्या फरशीवर कोळशानं आकृती काढली. वर काळा पाषाण, साडेसहा कोटी वर्षांचा. त्याखाली त्याहून कितीतरी जुना पाया. म्हटलं, मावशी, हा शील्डचा, म्हणजे फार जुन्या, घट्ट खडकाचा प्रदेश, जगातल्या सगळ्यात थंड झालेल्या जमिनींपैकी एक. भूकंपाच्या नकाशात आपण झोन एकमध्ये, म्हणजे सगळ्यात कमी धोका. काका म्हणाले, "मग कोयनेला कसा झाला?" मी म्हटलं, तिथं धरणाचं पाणी आहे, ते प्रकरण वेगळं. थंडी पडायला लागलीय, उगं आजारी पडाल, घरात झोपा.

मावशी म्हणाली, "तू शिकलेला, तुला कळतंय." आणि बाज आत न्यायला निघाली. एका बाजूनं मी धरली. बाजेचा एक पाय आखूड होता, त्याला जुन्या लुगड्याची चिंधी बांधलेली. मधल्या खणात नेऊन ठेवली, हलत नाही ना ते बघितलं. पाच खणांचं माळवद होतं. चिखलात रचलेल्या अडीच फुटी दगडी भिंती, वर हातभर माती. त्या भिंतींकडे माझं लक्षच गेलं नाही. मी त्या दगडाचा जन्म सांगत होतो. तो दगड कशात बसवलाय ते बघत नव्हतो.

मग धक्के विरले. उन्हाळा गेला, पाऊस झाला. ३० सप्टेंबर १९९३, पहाटे ३ वाजून ५६ मिनिटं. गणपती बोळवून लोक उशिरा झोपलेले.

मी पोचेपर्यंत दुपार टळली होती. पाऊस लागला होता. माळवदाच्या मातीचा चिखल झाला होता आणि त्यात मधल्या खणाचे लाकडी खांब तसेच उभे होते. खांब उभे आणि भिंती नाहीत. बाजेचा एक पाय चिखलातून वर आलेला. चिंधीवरून ओळखला. मावशी, काका आणि धाकटी मावसबहीण. थोरला मावसभाऊ रात्री शेतातल्या आखाड्यावर होता, म्हणून राहिला.

संध्याकाळी पाणी आणायला आखाड्यावरच्या विहिरीवर गेलो. चाळीस फूट खोल, जुनं दगडी बांधकाम. पाणी गढूळ झालं होतं, पण बांधकामातला एक दगड ढळलेला नव्हता. मी कितीतरी वेळ आत वाकून बघत राहिलो. भाऊ वरून ओरडला तेव्हा भानावर आलो, त्याला वाटलं मी उडी टाकतोय.

त्या सव्वीस वर्षांच्या पोराशी, म्हणजे तेव्हाच्या माझ्याशी, मी अजून भांडतो. तो म्हणतो, नकाशाच तसा होता, मी माझ्या मनचं काय सांगितलं? खरं आहे. २००२ च्या नकाशात झोन एक उरलाच नाही आणि आपला भाग झोन तीनमध्ये गेला, पण ते नंतर. तो म्हणतो, अकरा महिने खळ्यावर कोण झोपलं असतं, बाकीचेही घरात गेलेच की. हेही खरं. मी म्हणतो, मग बाज कशाला उचललीस? त्यावर तो बोलत नाही.

पुढे किल्लारीला संशोधनासाठी ६१७ मीटरचं बोअर घेतलं. ३३८ मीटरवर काळा पाषाण संपला, मग आठेक मीटर गाळाचा खडक आणि त्याखाली जुना पाया. म्हणजे मी फरशीवर काढलेला क्रम जवळजवळ तोच. आकृती बरोबर होती. आकृतीवरून 'घरात झोपा' निघत नव्हतं, ते मी पदरचं घातलं.

आता कचऱ्याकडे येतो. कुणी मला ओन्कालो दाखवलं की मी आधी हेच शोधतो, इथे 'घरात झोपा' कोण म्हणतंय.

जर्मनीत आस्सेला म्हणाले होते. मिठाची जुनी खाण, कोरडी आहे म्हणून १९६७ ते १९७८ मध्ये सव्वा लाखाच्या वर पिंपं आत ठेवली. १९८८ पासून रोज बारा घनमीटरच्या आसपास पाणी येतंय, आणि आता ती पिंपं परत वर काढायचा कायदा करावा लागलाय. अमेरिकेत न्यू मेक्सिकोत अशीच ६५५ मीटर खोल मिठातली जागा आहे. तिथे २०१४ मध्ये एक पिंप फुटलं आणि जवळपास तीन वर्षं काम बंद पडलं. मिठानं काही केलं नव्हतं. ओल शोषायला मांजराच्या शौचासाठी मिळते ती माती घालायची असते. कुणीतरी मातीऐवजी गव्हापासून केलेली घातली आणि आतल्या नायट्रेटशी तिचं जुळलं नाही. दहा हजार वर्षांचा हिशेब मांडला होता आणि घात पंधरा वर्षांत झाला, तोही सामान बदलल्यामुळे.

स्वीडनची गोष्ट मला त्यातल्या त्यात आवडते. तिथेही तांब्याचीच भांडी. स्टॉकहोमच्या काही संशोधकांनी शंका काढली की प्राणवायू नसलेल्या पाण्यातही तांबं झिजतं. २०१८ मध्ये तिथल्या पर्यावरण न्यायालयानं सांगितलं, या शंका मिटल्याशिवाय नाही. परवानगी मिळायला २०२२ उजाडलं. शंका पूर्ण मिटली असं त्या संशोधकांना वाटत नाही. आणि त्यांचीही जमीन 'शील्ड' आहे बरं का. उत्तर स्वीडनमध्ये पार्वी नावाची दीडशे किलोमीटर लांब भेग आहे. हिमयुगाचा बर्फ वितळून जमिनीवरचं ओझं उतरलं तेव्हा तिथे आठच्या आसपासचा भूकंप झाला असावा. लाख वर्षांत बर्फ पुन्हा येईल, हे तिथे धरूनच चालतात. त्यांची किल्लारी त्यांच्या कागदावर आहे, एवढा फरक.

बेंटोनाइटवरून वर्गात एका मुलीनं मला अडवलं होतं. मी म्हटलं, ही माती आपल्या काळ्या मातीच्याच कुळातली, पाणी लागलं की फुगते आणि फटी बुजवते. ती म्हणाली, "सर, काळ्या मातीला उन्हाळ्यात पाय जाईल एवढ्या भेगा पडतात की." बरोबर बोलली. भांडं सुरुवातीला गरम असतं, भोवतीची माती सुकते. मग खडकातलं पाणी हळूहळू मुरून ती फुगते, असा अंदाज आहे. प्रयोग झालेत, काही वर्षांचे. लाख वर्षांचा प्रयोग कुणी करू शकत नाही.

निसर्गानं केलाय, हे माझं हुकमाचं पान. आफ्रिकेत गॅबॉनमध्ये ओक्लोला सुमारे दोनशे कोटी वर्षांपूर्वी युरेनियमच्या साठ्यात आपोआप अणुभट्ट्या पेटल्या होत्या. १९७२ मध्ये ते उघडकीला आलं. त्यात तयार झालेलं प्लुटोनियम जागचं फारसं हललं नाही. व्याख्यानात मी इथेच थांबलो होतो, टाळ्याही पडल्या. जे सांगितलं नाही ते हे, की त्यातले काही पदार्थ निसटून गेले, आणि जिथे असे साठे विरघळून वाहून गेले तिथली खूण आपल्याला कशी सापडणार? काठाला पोचली ती माणसं घरी येऊन सांगतात, बुडालेली सांगत नाहीत.

मग पुढचा प्रश्न येतो, "आपल्याकडे पुरलं तर?" नको. यावर लोक हसतात, आलं बघा, स्वतःच्या दारात नको. पण कारण ऐका. काळ्या पाषाणात पुरायचा विचार अमेरिकेनं हॅनफर्डला केला होता, १९८७ मध्ये तो सोडला. आपला पाषाण थराथरांचा, सांध्यांचा. मधून पाणी फिरतं, म्हणून तर बोअरला लागतं. आणि बोअरचंच मला खरं भय वाटतं. २०१६ ला लातूरला रेल्वेनं पाणी आलं त्या उन्हाळ्यात आमच्या गल्लीत रात्रभर बोअरच्या गाड्या चालू असायच्या. पाचशे फुटांना फुफाटा, सातशेला फुफाटा, मालक म्हणायचा अजून शंभर जाऊ दे. ओन्कालो चौदाशे फुटांवर आहे. लाख वर्षांत किती दुष्काळ पडतील ते मोजा. इथे खोदू नका अशी पाटी लावू म्हणतात. माझ्या आजोबांचं खरेदीखत मोडी लिपीत आहे. शंभर वर्षं झाली नाहीत आणि आमच्या घरात ते वाचणारं कुणी नाही.

"मग वरच ठेवा ना," म्हणतात. आपल्याकडे आज तेच चालू आहे. इंधनावर प्रक्रिया करून उरलेला जहाल द्रव काचेत गोठवतात आणि तारापूरला हवेनं थंड राहील असा ठेवतात. खोल पुरायची जागा भारतात अजून नाही. कोलारच्या सोन्याच्या खाणीत किलोमीटरभर खाली, कचरा न ठेवता नुसते हीटर लावून खडक तापवून बघितला होता. पन्नास-शंभर वर्षं वर ठेवायला माझी हरकत नाही. पण प्लुटोनियम निम्मं व्हायला चोवीस हजार वर्षं लागतात, लाख वर्षांनीही अठरावा हिस्सा उरतो. तेवढा काळ कुणीतरी रोज राखणीला पाहिजे, त्याचा पगार निघाला पाहिजे. आमच्या शिवारातला डीपी जळाला की महिना जातो. खडकावर मी एकदा नको तेवढा विश्वास टाकला हे कबूल, पण माणसाच्या राखणीवर तेवढाही टाकवत नाही.

तुम्ही म्हणाल, म्हणजे पुरा की पुरू नका? दर वर्षी माझं उत्तर थोडं सरकतं. त्या व्याख्यानात होतो त्याहून आज मी पुरण्याच्या बाजूला कमी आहे. पुढच्या वर्षी विचाराल तर सांगता येत नाही.

मावसभावानं मला हे कधीच विचारलेलं नाही. व्याख्यानाला तो पुढच्या रांगेत होता. पुनर्वसनात त्याला सिमेंटचं घर मिळालं, पक्कं आहे, मी स्वतः बीम बघितलेत. तो अजून बाहेर पत्र्याच्या शेडमध्ये झोपतो, थंडीतसुद्धा. त्याची सून मला म्हणाली, "मामंजी तुमचं ऐकत्यात, तुम्ही सांगा की आत झोपा म्हणून." मी विषय बदलला. मागच्या पावसाळ्यात शेड गळत होतं, तर त्याला चार नवे पत्रे घेऊन दिले.