नादग्रंथ तारेवर तपासताना : उन्हाळी टप्प्याची नोंद

नाद, शांतता आणि संगीत यांवरच्या ग्रंथांचं वाचन या उन्हाळ्यात शार्ङ्गदेवाच्या ‘संगीत रत्नाकरा’तल्या स्वरगताध्यायावर थांबलं, आणि थांबलं ते बरंच झालं. त्यातला चार सारणांचा प्रयोग (सारणा म्हणजे वीणा पायरीपायरीने उतरवून दुसरीशी ताडून पाहणं) नुसता वाचून पुढे जाण्यासारखा नाही. त्यासाठी दोन तारांचा एक पाट तयार केला आहे. त्याला इथे दुतारी म्हणू. चारही सारणा तिच्यावर कानाला पटतील अशा बसल्या. मापं, वजनं आणि अडचणी खाली देत आहे.

खान्देशातल्या वाचकाने हा ग्रंथ शेजारघरचा समजावा. शार्ङ्गदेव 13व्या शतकात देवगिरीच्या यादव सिंघणाच्या पदरी होता. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा त्याच सिंघणाचा ज्योतिषी. आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्याने मठ काढला, त्याचा शिलालेख चाळीसगावजवळच्या पाटणचा, 1207 च्या सुमाराचा. मराठीतून वाचायचं तर तारळेकरांचं भाषांतर घ्या. संस्कृत जमत असेल तर सिंहभूपाल आणि कल्लिनाथ यांच्या टीकांसह छापलेली प्रत घ्या. या प्रयोगाच्या जागी टीका फार उपयोगी पडतात.

प्रयोग असा. सारख्या दोन वीणा, प्रत्येकीला 22 तारा. एक ध्रुव, तिला हात लावायचा नाही. दुसरी चल. सात स्वर अनुक्रमे चौथ्या, सातव्या, नवव्या, तेराव्या, सतराव्या, विसाव्या आणि बाविसाव्या तारेवर. मग चल वीणा एकेक श्रुती, म्हणजे सप्तकातल्या 22 सूक्ष्म पायऱ्यांपैकी एक, उतरवत जायची. अशी प्रत्येक उतरण म्हणजे एक सारणा. पहिल्या सारणेत काहीच जुळत नाही. दुसरीत चल वीणेचे ग आणि नी ध्रुव वीणेच्या रे आणि ध मध्ये मिसळतात. तिसरीत रे आणि ध हे सा आणि प मध्ये. चौथीत सा, म, प हे नी, ग, म मध्ये.

ग्रंथ तारा लावायला सांगतो त्या अशा: पहिली शक्य तितकी मंद्र, दुसरी तिच्याहून किंचित उंच, इतकी किंचित की दोघींच्या मध्ये तिसरा ध्वनी मावू नये. इथेच बहुतेक वाचक फसतात. हार्मोनियमच्या लगतच्या दोन पट्ट्यांमधलं अंतर 100 सेंट धरलं तर सरावलेला कान शांत जागी 5-6 सेंटांचा फरकही ओळखतो. तेवढ्याच पायऱ्यांनी 22 तारा चढवल्या तर सप्तक सोडाच, शुद्ध रिषभही गाठला जात नाही. म्हणून उलटीकडून यावं लागतं: आधी षड्ज-पंचम आणि षड्ज-मध्यम हे संवाद कानाने पक्के करायचे आणि श्रुतींची जागा त्यांच्यातून काढायची.

दुसरा सोपा वाटणारा रस्ता म्हणजे सप्तकाचे 22 समान भाग. एक भाग 54.5 सेंटांचा, म्हणून 13 श्रुतींचा पंचम 709 सेंटांवर येतो. खरा संवादी पंचम 702 वर आहे. सात सेंट कागदावर क्षुल्लक दिसतात, पण सा 172 हर्ट्झच्या आसपास असेल तर साच्या तिसऱ्या आणि पंचमाच्या दुसऱ्या स्वरांशात (मूळ सुराच्या तिप्पट आणि दुप्पट कंपनाच्या, त्याच तारेत मिसळलेल्या सुरांत) सेकंदाला सुमारे दोन हेलकावे, म्हणजे आवाज मोठा-बारीक होण्याच्या लाटा, पडतात. तंबोऱ्यावर वाढलेला कोणताही कान तो पंचम परत लावायला सांगेल. माझ्या मते समान श्रुतींचा पक्ष इथेच संपतो.

आता तारेची लांबी. ग्रंथात ती दिलेली नाही. तारेवर मापाने स्वर दाखवणं ‘संगीत पारिजात’कर्त्या अहोबलाकडे, 17व्या शतकात येतं. कृ. ब. देवलांनी 1910 मध्ये 22 श्रुतींवरच्या इंग्रजी पुस्तकात स्वर साध्या अपूर्णांकांनी मोजण्याची बाजू मांडली, आणि तेही दोन तारांच्या साधनानेच तपासत. खालची मापं त्या वळणाची आहेत. ध्रुव तारेवर सा 720 मिमी लांबीला धरा. मग रे 648, ग 607.5, म 540, प 480, ध 432, नी 405. (हा षड्जग्राम, म्हणजे ग्रंथातलं मूळ सप्तक, आजच्या काफीच्या जवळचा. बिलावलचा ग इथे शोधू नका.)

चल तारेचा सा पहिल्या सारणेला 729 मिमी, दुसरीला 768, तिसरीला 800, चौथीला 810. बाकीचे चल स्वर त्याच प्रमाणात लांबवायचे. दुसऱ्या सारणेत ग 607.5 चा 648 होतो, म्हणजे नेमका ध्रुव रे; नी 405 चा 432, म्हणजे ध्रुव ध. तिसऱ्या सारणेत रे 648 चा 720, ध 432 चा 480. चौथीत म 540 चा 607.5, प 480 चा 540, आणि सा 810, म्हणजे मंद्र नी. एकही आकडा ओढूनताणून बसवलेला नाही. पहिल्या सारणेत दोन षड्ज एकत्र छेडले की सेकंदाला दोनाहून किंचित जास्त हेलकावे ऐकू येतात. तीच पहिल्या सारणेची कानाची खूण.

यातून एक गोष्ट स्पष्ट होते. चार उतरणी सारख्या नाहीत: 22, मग 90, मग 71, पुन्हा 22 सेंट (आकडे पूर्णांकात), मिळून 204. चारही सारख्या हव्यात असा हट्ट धरला की दुसऱ्या सारणेपासूनच जुळणी बिघडते. अपूर्णांक ही नंतरच्यांनी लावलेली संगती आहे, शार्ङ्गदेवाची अक्षरं नव्हेत, हे मात्र सतत ध्यानात ठेवावं.

दुतारीची बांधणी. सुक्या सागवानाचा पाट 1200 × 120 × 25 मिमी. दोन्ही टोकांना 3 मिमी जाडीच्या पितळी पट्टीच्या स्थिर घोड्या, त्यांच्या धारांमध्ये बरोबर 900 मिमी. पोलादी तार 0.30 मिमी. पुडीवरच्या नंबरावर विसंबू नका, स्क्रू गेजने मोजा: 0.315 ची तार आली तर तेवढ्याच वजनाला सूर सुमारे 85 सेंट खाली बसतो. दोन्ही तारा एकाच गुंडाळीतून कापा.

खुंट्या लावू नका. हा या टप्प्यातला सगळ्यात महत्त्वाचा निर्णय आहे, आणि तो आपल्या हवेने करायला लावला. जळगाव-भुसावळला मे महिन्यात पारा 45 पर्यंत जातो आणि पहाट त्या मानाने बरीच उतरलेली असते. खुंटीने ताणलेली पोलादी तार 10 अंश तापली की लाकडापेक्षा जास्त लांबते, ताण सैल होतो, आणि काळी एकच्या तंबोऱ्याला हिशेबाने 20 ते 25 सेंटांचा फरक पडतो. पहिली सारणा 22 सेंटांची. म्हणजे उन्हं वर येईस्तोवर एक अख्खी श्रुती हवेने खाल्ली. त्यात कोरड्या हवेत लाकूड आक्रसतं आणि खुंट्या सरकतात. तंबोऱ्याला त्यावर खडू लावून भागतं, मापाच्या कामाला भागत नाही.

म्हणून तारेचं एक टोक पाटाच्या शेवटी खिळ्याला पक्कं आणि दुसरं चाकावरून खाली सोडून त्याला वजन. प्रत्येक तारेला 3.5 किलो: वाण्याची 2 किलो, 1 किलो आणि 500 ग्रॅमची मापं चालतात. पूर्ण 900 मिमीला 138 हर्ट्झ मिळतात, म्हणजे काळी एकच्या अगदी जवळ, आणि 720 ला 172.5. तार तापून लांबली तर वजन केसभर खाली येतं, ताण तोच राहतो. चाक म्हणून सरकत्या खिडकीचं बेअरिंगवालं चाक उत्तम. साधं प्लॅस्टिकचं चाक घर्षणाने सूर अडकवतं. सूर ताणाच्या वर्गमुळाच्या प्रमाणात चढतो, म्हणून 35 ग्रॅमची चूक, म्हणजे 1 टक्का, 8.6 सेंटांची होते. दोन तारा एकसुरात आणायला हलक्या बाजूला वायसर घाला. 5 ग्रॅमला साधारण 1.2 सेंट.

घोडीवर तार अडकणं ही मोठी अडचण. वजनाचा ताण धारेवरच्या घर्षणाने वाजत्या लांबीत पूर्ण पोचत नाही. धारेवरून तार फार वळू देऊ नका, उतार 5-10 अंशांचा पुरे. प्रत्येक मापाआधी वजन बोटाने किंचित उचलून सोडा आणि तार घोडीजवळ टिचकीने हलवा. सरकती घोडी स्थिर घोड्यांपेक्षा अर्धा ते एक मिमी उंच, जास्त नाही. (खुंटीच्या तारेवर मधोमध 3 मिमीचा उचलाही सुमारे 8 सेंट चढवतो, वजनाच्या तारेवर ही चूक जवळजवळ राहत नाही.) सरकत्या घोडीपलीकडची तार कापडाच्या तुकड्याने दाबून ठेवा, नाहीतर तीही गुणगुणते. नुसत्या पाटाचा आवाज बारीक येतो. पाट तेलाच्या रिकाम्या 15 किलोच्या डब्यावर टेकवला की वाढतो, पण डब्याची स्वतःची घुमी मिसळते. 4 मिमी प्लायचं खोकं खाली असलेलं चांगलं.

खोली. इथे शांततेवरच्या पुस्तकांशी गाठ पडते. अमेरिकन संगीतकार जॉन केज 1951 मध्ये हार्वर्डच्या प्रतिध्वनिरहित खोलीत गेला आणि तिथेही त्याला दोन आवाज ऐकू आले, एक उंच, एक खर्जातला. पुढच्याच वर्षी त्याची 4 मिनिटं 33 सेकंदांची, वादकाने काहीच न वाजवायची रचना आली आणि 1961 मध्ये ‘सायलेन्स’ हा लेखसंग्रह. त्या पुस्तकाचा आपल्या कामाला उपयोग सरळ आहे: हेलकावे मोजायच्या आधी खोलीत काय वाजतं आहे याची यादी करा. पाच मिनिटं गप्प बसून प्रत्येक आवाज, त्याची दिशा आणि तो सलग आहे की तुटक, एवढं लिहा.

यादीत कूलर पहिला. तो चालू असताना दोन हेलकाव्यांची गोष्टच सोडा. पंखा जास्त फसवा, कारण हळू फिरणाऱ्या पात्यांनी सूर कापला जातो आणि नसलेले हेलकावे ऐकू येतात. तिसरी डीपीची घुमी. आपला वीजपुरवठा 50 हर्ट्झचा, ट्रान्सफॉर्मर 100 हर्ट्झवर घुमतो, आणि काळी एकच्या खर्ज तंबोऱ्याचा पंचम 104 च्या जवळ आहे. दोन्ही एकत्र कानावर आले की सेकंदाला जवळजवळ चार हेलकावे, आणि दोष बिचाऱ्या पंचमाच्या माथी. रावेर-यावलच्या केळीपट्ट्यात शेतीपंपाची वीज रात्री असेल तर मोटारीही यादीत येतात. भारनियमनाची वेळ गाठता आली तर मापं तेव्हाच घ्यावीत. नाहीतर पहाटे चारच्या पुढे, कूलर बंद करून.

फोनवरचं डेसिबल ॲप खरा आकडा देत नाही, पण एकाच फोनने दोन वेळांची तुलना करायला पुरतं. तुलनेसाठी एवढं माहीत असावं: 2000 च्या ध्वनिप्रदूषण नियमांत शांतता क्षेत्राची मर्यादा दिवसा 50 आणि रात्री 40 डेसिबल आहे. सारणेच्या कामाला 40 ही सुद्धा जास्त वाटते.

भौतिकशास्त्रज्ञ सी. व्ही. रामन यांच्या म्हणण्याची तपासणीही याच दुतारीवर केली. 1921 च्या लेखात त्यांनी दाखवलं की तंबोरा आणि वीणा यंगचा नियम मोडतात. नियम असा की तार जिथे छेडली तिथे ज्या स्वरांशाचा शांतबिंदू असेल तो स्वरांश उमटत नाही. पितळी धार असताना 900 ची तार बरोबर 450 वर छेडा: 276 हर्ट्झचा दुसरा स्वरांश फोनच्या वर्णपट ॲपमध्ये (त्यात आवाजातले स्वरांश वेगवेगळे दिसतात) जवळजवळ दिसत नाही. मग त्या टोकाला तंबोऱ्याची रुंद घोडी बसवा, तारेखाली सूत सरकवत जवारी (तंबोऱ्याची ती भरलेली गुंजण) उघडा आणि पुन्हा तिथेच छेडा. दुसरा, चौथा, सहावा, सगळे उभे राहतात. ॲपमध्ये 44100 चा नमुना-वेग आणि 16384 ची खिडकी ठेवा, म्हणजे 2.7 हर्ट्झपर्यंतचा फरक दिसतो. सूत फार जाड असेल तर जवारी उघडत नाही, नुसती खरखर येते. शिवणाचा सुती दोरा पुरे.

परिसरातल्या आवाजांचा अभ्यासक शेफर याचं 1977 चं ‘ट्यूनिंग ऑफ द वर्ल्ड’ आणि अशोक रानडे यांचं ‘लोकसंगीतशास्त्र’ शेजारी ठेवून वाचायला घेतलं आहे, अजून अर्ध्यावर आहे. शेफरची विभागणी (सतत पायाशी असणारे आवाज, लक्ष वेधणारे आवाज, आणि गावाची ओळख असलेले आवाज) आपल्याकडे लावताना ऋतू विसरून चालत नाही. पायाचा आवाज मे महिन्यात कूलरचा, पावसाळ्यात बेडकांचा. भुसावळचा इंजिनाचा भोंगा प्रवाशाला इशारा आणि रेल्वे कॉलनीला ओळख, दोन्ही एकाच वेळी. घरोटाचा (जात्याचा) आवाज कोणत्या रकान्यात टाकायचा यावर रानड्यांचं पुस्तक जास्त कामाचं आहे, कारण तिथे आवाज, श्रम आणि ओवी वेगळ्या करता येत नाहीत.

हिवाळी टप्प्याला बासरी आणि जमलं तर नवापूर-साक्रीकडची पावरी, आदिवासींचं फुंकवाद्य. ध्वनीचा वेग 10 अंशांना सेकंदाला 337 मीटर, 45 ला 358, म्हणजे नळीतली हवा तेवढीच तापली तर हार्मोनियमची एक अख्खी पट्टी चढते. तार उतरते तेव्हा बासरी चढते. प्रत्यक्षात फुंकीची ऊब मधे येते, म्हणून फरक कमी निघणार. तापमापीचं टोक फुंकीच्या भोकाजवळ ठेवायचं नाही. नळीच्या मध्यावर आणि उघड्या टोकाशी असं दोन ठिकाणी ठेवावं लागेल, आणि वादकाने निदान दोन मिनिटं फुंकल्यानंतरचंच माप धरायचं.