वहीतला शेरा

सोमवार

साठ वह्यांचा गठ्ठा पुढ्यात आला की हात आपोआप चालू लागतो. बरोबरची खूण, सही, तारीख, 'छान'. पुढची वही. वहीमागे वीस सेकंद धरले तरी गठ्ठा वीस मिनिटांत संपतो, आणि तासाभरानं कुणाच्या वहीत काय होतं ते आठवत नाही. मुलालाही आठवत नाही. 'छान' नेमकं कशाला? अक्षराला, उत्तराला, की वही वेळेवर आली म्हणून? 'छान' लिहिणं चूक नाही, पण त्यातून मुलाच्या हाती काही लागत नाही. 'धड्यातलं वाक्य न उतरवता स्वतःचं उदाहरण दिलंस, आवडलं' असं लिहिलं की पुढच्या उत्तरात काय करायचं ते त्याला कळतं.

असा शेरा साठ वह्यांत रोज लिहिणं कुणालाच जमत नाही. म्हणून रोज बारा वह्या. बाकीच्यांत खूण आणि सही. पाच दिवसांत साठही होतात. क्रम मात्र हजेरीपटाचाच हवा. मनानं निवडायला गेलं की शेरे पहिल्या बाकावरच्या चौघांना आणि मागच्या बाकावरच्या दोन दांडग्यांना मिळतात. मधल्या रांगेतली गप्प मुलं वर्षभर नुसत्या सहीवर काढतात.

मंगळवार

आज वजाबाकी. ४०३ वजा १७८. उत्तर २२५.

एका वहीत ३७५ आहे, दुसरीत २३५. दोन्हींवर लाल फुली, खाली 'सराव कर'. पण या दोन चुका एकमेकींच्या जवळपासही नाहीत. ३७५ लिहिणाऱ्यानं प्रत्येक घरात मोठ्या अंकातून लहान अंक वजा केला: आठातून तीन, सातातून शून्य, चारातून एक. वरच्यातून खालचा जायचा हेच त्याच्या डोक्यात पक्कं नाही. २३५ लिहिणारी बरीच पुढे आहे. तिनं शतक सुटं केलं, दशकाच्या घरात दहा मांडले, पण त्यातला एक दशक एककाला दिल्यावर तिथे नऊ उरले हे ती विसरली.

पहिल्याला नुसता सराव दिला तर तो तीच चूक आणखी वीस वेळा करून घट्ट करेल. त्याला शंभराची, दहाची नि एक रुपयाची खोटी नाणी-नोटा द्याव्यात आणि 'तीन रुपयांतून आठ रुपये देऊन दाखव' म्हणावं. तिच्या वहीत एवढंच पुरतं: 'शतक सुटं केलंस ते अगदी बरोबर. एककाला एक दशक दिल्यावर दशकाच्या घरात किती उरले, तेवढं पुन्हा बघ.' कौतुक आधी लिहिलंय ते गोड वाटावं म्हणून नव्हे. कुठपर्यंत बरोबर होतं हे कळलं नाही तर मूल सगळंच खोडून पहिल्यापासून सुरू करतं आणि बरोबर आलेलंही बिघडवतं.

बुधवार

'ऱ्हस्व-दीर्घाकडे लक्ष दे.' मराठीच्या वह्यांत सगळ्यांत जास्त वेळा लिहिला गेलेला आणि सगळ्यांत वाया गेलेला शेरा बहुधा हाच. मूल लक्ष देतच असतं. पहिली की दुसरी हे त्याला ठाऊक नसतं.

'फूलाला' असं लिहिलं असेल तर शेरा असा: 'फूल बरोबर. प्रत्यय लागला की फुलाला, इथे फु पहिला. दूध, मूल, बहीण यांना प्रत्यय लावून बघ.' दुधात, मुलांना, बहिणीला. एका चुकीतून नियम हाती येतो आणि पुढचे दहा शब्द मूल आपलं आपणच सोडवतं. संस्कृतातून जसेच्या तसे आलेले शब्द याला अपवाद आहेत, शरीरात आणि गीतात दीर्घच राहतं. पण तो अपवाद त्याच दिवशी सांगू नये. नियम अंगवळणी पडायच्या आधी अपवाद आला की दोन्ही जातात.

चुकलेला शब्द पाच वेळा लिहिण्याबद्दलही एक सांगावंसं वाटतं. बरीच मुलं तो उभा लिहितात. आधी एकाखाली एक पाच 'फु', मग पाच 'ला', मग आणखी पाच 'ला'. हात चालतो, शब्द एकदाही लिहिला जात नाही. त्यापेक्षा तो दोन वेगवेगळ्या वाक्यांत लिहायला सांगावा.

सगळ्यांत मोठी गळती मात्र वेळेची. शेरा लिहिला, वही परत गेली, तास सुरू झाला. दुरुस्ती करायला मुलाला वेळच दिला नाही तर पानभर शेरा लिहूनही उपयोग शून्य. तासाची पहिली पाच मिनिटं त्यासाठीच ठेवावीत. वही उघड, शेरा वाच, खाली दुरुस्त कर. पाच मिनिटांत होणार नाही असा शेरा असेल तर तो लांबलाय असं समजावं.

गुरुवार

'हुशार आहेस' हे शब्द जपून वापरायचे. क्लॉडिया म्युलर आणि कॅरल ड्वेक या मानसशास्त्रज्ञांनी १९९८ साली पाचवीच्या वयाच्या मुलांवर केलेले प्रयोग प्रसिद्ध आहेत. कोडी सुटल्यावर काहींच्या हुशारीचं कौतुक केलं, काहींच्या मेहनतीचं. पुढची कोडी अवघड निघाल्यावर हुशारीचं कौतुक झालेली मुलं लवकर खचली. साहजिक आहे. सुटलं म्हणजे हुशार, तर न सुटलं म्हणजे काय, हे मूल स्वतःच ताडतं.

याचा उलटा अतिरेकही होतो. काही न करणाऱ्यालाही 'खूप मेहनत घेतलीस' म्हणायचं. मुलांना खोटं कौतुक लगेच कळतं, आणि मग खरंही त्यातच जमा होतं.

गुणांचं तसंच. रूथ बटलर यांच्या १९८८ च्या अभ्यासात नुसता शेरा मिळालेल्या मुलांचं पुढचं काम सुधारलं; गुण आणि शेरा दोन्ही मिळालेल्यांचं तसं सुधारलं नाही. वर्गात वही परत देताना बघावं. १० पैकी ७ दिसले की नजर शेजाऱ्याच्या वहीकडे जाते, शेऱ्याकडे नाही. चाचणीला गुण द्यावेच लागतात. सरावाच्या वहीत देऊ नयेत.

शुक्रवार

दहावीच्या वर्गात 'घाबरू नका' म्हणण्यानं कुणाची भीती गेल्याचं ऐकिवात नाही. हिशेब सांगितला तर थोडी जाते. मराठी कुमारभारतीचा लेखी पेपर ८० गुणांचा, वेळ तीन तास. म्हणजे गुणाला सव्वादोन मिनिटं. शेवटचा उपयोजित लेखनाचा (पत्र, बातमी, कथा वगैरे) विभाग २४ गुणांचा आणि तोच घाईत उरकला जातो, कारण पहिल्या उताऱ्यावरच्या दोन गुणांसाठी अर्धं पान भरलेलं असतं. तेव्हा एवढंच सांगावं: 'अकराचा पेपर असेल तर एक वाजता हातातलं राहू दे, उपयोजित लेखन सुरू कर. जागा सोडून ठेव, उरलेलं नंतर.' आणि घरी एकदा घड्याळ लावून तसा पेपर सोडवून घ्यावा. ते न करता परीक्षेच्या आदल्या दिवशी सांगितलेलं कुणाच्या लक्षात राहत नाही.

शनिवार

प्रगतिपुस्तकं. सातत्यपूर्ण सर्वंकष मूल्यमापन २०१० मध्ये आलं तेव्हापासून वर्णनात्मक नोंदी कराव्या लागतात: विशेष प्रगती, आवड-छंद, सुधारणा आवश्यक. कल्पना चांगली, पण तयार नोंदींच्या याद्या मोबाइलवर फिरतात आणि साठपैकी चाळीस मुलांना 'अवांतर वाचन करावे' मिळतं.

हे पान पालक वाचतात, म्हणून इथला शब्द वेगळ्या अंगानं जपावा लागतो. 'अभ्यासात लक्ष नाही' याचा कित्येक घरांत अर्थ एकच, मार. त्याऐवजी 'जोडाक्षरं आली की अडखळतो. रोज रात्री दहा मिनिटं मोठ्यानं वाचून घ्यावं' असं लिहिलं की आईवडिलांना करण्यासारखं काहीतरी मिळतं. आईला वाचता येत नसेल तरी हरकत नाही. ऐकत बसायचं आणि मूल थांबलं की मनात पाच आकडे मोजायचे, लगेच ओरडायचं नाही.

अशा घरांत हा शेरा मूलच आईला वाचून दाखवतं. तेव्हा अक्षर सुटं, वाक्यं छोटी, आणि जोडाक्षरं शक्य तितकी कमी.