घसा बसलेला बाप

दैनंदिन मालिकेत कथा, पटकथा आणि संवाद लिहिणारी माणसं वेगवेगळी असतात. मी त्यांच्यात चौथी होते. संवादलेखकाला जमत नसेल त्या दिवशीचे सीन त्याच्या नावाने लिहून द्यायचे. पैसे एपिसोडमागे, तेही तीन महिन्यांनी. २०१२च्या कॉपीराइट दुरुस्तीने लेखकाच्या रॉयल्टीचा हक्क पक्का केला होता, पण टायटलमध्ये नावच नाही तर तो मागायचा कशाच्या जोरावर? पहाटे मेल करायची आणि झोपायचं. सेट मी पाहिलाही नव्हता.

२०१६च्या पावसाळ्यात एका सकाळी ईपीचा, म्हणजे एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसरचा, फोन आला. "घोडबंदरला ये. आत्ताच्या आत्ता." बापाचं काम करणाऱ्या काकांचा घसा पार बसला होता. नेमका त्या दिवशी मुलगी लग्न मोडते तो सीन, आणि त्यावर बापाचं चार पानी भाषण. बँक संपलेली, म्हणजे हाताशी एकही तयार एपिसोड नाही. दुपारपर्यंत शूट, संध्याकाळपर्यंत एडिट, रात्री टेलिकास्ट. दुसऱ्या कुणाच्या आवाजात डब करू, असंही कुणीतरी सुचवलं. रोज रात्री जेवताना ऐकलेला आवाज बायका ओळखणार नाहीत होय?

काका मेकअप रूममध्ये गरम पाणी पीत बसले होते. मी म्हटलं, "काका, निम्मं करून देते." त्यांनी माझीच पानं उलटी केली आणि मागे लिहिलं, "बाप एवढा बोलतो का?" त्याखाली, "हाताला काम दे."

आर्टवाल्यांकडे लग्नपत्रिकांचा गठ्ठा पडून होता. मग सीन असा झाला: काका पत्रिकांना हळदकुंकू लावताहेत. मुलगी येऊन सांगते. ते थांबत नाहीत. पुढची पत्रिका, त्याच्या पुढची. आई आरडाओरडा करते. तिची वाक्यं मी त्या चार पानांतूनच उचलली, आणि खरं सांगायचं तर तिच्या तोंडी ती जास्त शोभली. शेवटी काका करंड्याचं झाकण लावतात. पहिल्याच टेकला ओके.

पण २२ मिनिटांच्या एपिसोडला आता दोन मिनिटं कमी पडत होती. चॅनेलची क्रिएटिव्ह म्हणाली, "काहीही टाक." उभ्याउभ्या दोन जावांचा स्वयंपाकघरातला सीन लिहिला, साखर कुणी संपवली यावरचा. निव्वळ आमटीत ओतलेलं पाणी. रात्री पाहिलं तर तो जसाच्या तसा होता, आणि काकांच्या बोटांवर तीनदा झूम मारून वर ढगांचा गडगडाट घातलेला.

पुढच्या आठवड्यात काकांचा फोन आला. आवाज खणखणीत.

"बाळा, आता जरा मोठं काहीतरी लिही गं. सोसायटीतले लोक विचारायला लागलेत, मला लकवा मारलाय का म्हणून."